मुखवट्याआडचा नायक

४ फेब्रुवारी १९६५. लॉस एंजेलिसमधील ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्स या चित्रसंस्थेत कॅमेऱ्यासमोर एक चोवीस वर्षांचा चिनी तरुण बसला होता. अंगात गडद सूट, गळ्यात टाय, केस नीट मागे वळवलेले. तीन दिवसांपूर्वीच त्याला मुलगा झाला होता आणि रात्रीची झोप पुरती उडाली होती. कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारले जात होते आणि तो किंचित संकोचाने उत्तरे देत होता. मग त्याला उभे राहून हात दाखवायला सांगण्यात आले. समोर उभे करण्यासाठी तिथल्याच एका पिकल्या केसांच्या कर्मचाऱ्याला बोलावण्यात आले. तरुणाची मूठ त्या गृहस्थाच्या नाकापासून बोटभर अंतरावर येऊन थांबत होती आणि ती कधी निघाली, कधी परतली हे कोणालाच दिसत नव्हते. गृहस्थ दर वेळी दचकून मागे सरत होते आणि खोलीत हशा पिकत होता. संकोच कुठल्या कुठे गेला होता.

ही ब्रूस लीची दूरचित्रवाणीसाठीची पहिली चाचणी. पुढे जगाने त्याला ओळखले ते मोठ्या पडद्यावरील मोजक्या चित्रपटांमुळे. परंतु प्रौढ वयातील त्याच्या अभिनयाची सुरुवात छोट्या पडद्यावर झाली, त्याचा पहिला मोठा अपमान तिथेच झाला आणि त्याला हाँगकाँग, थायलंड, इटली असा प्रवास घडवणारी किल्लीही त्याच छोट्या पडद्याने, नकळत, त्याच्या हाती दिली.

दोन देशांचा मुलगा

ब्रूसचा जन्म २७ नोव्हेंबर १९४० रोजी सॅन फ्रान्सिस्कोच्या चायनाटाऊनमधील रुग्णालयात झाला. चिनी पंचांगानुसार ते ड्रॅगनचे वर्ष. त्याचे वडील ली होई-चुएन हे कँटोनीज संगीत नाटकांतील नावाजलेले विनोदी नट. नाटक मंडळीबरोबर ते अमेरिकेच्या दौऱ्यावर होते. आई ग्रेस हो हिच्या घराण्यात युरोपीय रक्ताचा अंश होता. मूल काही महिन्यांचे असतानाच तिथे बनणाऱ्या एका कँटोनीज चित्रपटात तान्हे बाळ म्हणून ते झळकले. १९४१ मध्ये कुटुंब हाँगकाँगला परतले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस जपानी फौजांनी शहर काबीज केले. पुढची पावणेचार वर्षे हाँगकाँगने टंचाई आणि दहशत सोसली.

युद्धानंतर वडिलांच्या ओळखीने मुलगा पुन्हा चित्रपटांत आला. १९५० च्या 'द किड' या चित्रपटात तो मध्यवर्ती भूमिकेत होता. 'ली सिउ-लुंग', म्हणजे 'छोटा ड्रॅगन', हे नाव त्याला तिथेच चिकटले. अठरा वर्षांचा होईपर्यंत त्याच्या खात्यावर सुमारे वीस चित्रपट जमा झाले होते. बहुतेकांत तो अनाथ, उनाड, पण मनाने चांगला असा पोरगा असे. पडद्याबाहेरही उनाडपणा कमी नव्हता. गच्च्यांवर मारामाऱ्या चालत. त्यातूनच तो इप मान या गुरूंकडे 'विंग चुन' ही युद्धकला शिकू लागला. तोच मुलगा नाचातही तरबेज होता. १९५८ मध्ये त्याने हाँगकाँगची चा-चा-चा नृत्यस्पर्धा जिंकली. पुढे त्याच्या लढतींमध्ये जी लय दिसली, तिचे एक मूळ या नाचात आहे.

मारामाऱ्यांची तक्रार पोलिसांपर्यंत गेल्यावर घरच्यांनी त्याला अमेरिकेला पाठवायचे ठरवले. जन्माने तो अमेरिकी नागरिक होताच. एप्रिल १९५९ मध्ये खिशात १०० डॉलर घेऊन तो बोटीत चढला. प्रवासात वरच्या वर्गातील उतारूंना त्याने नाच शिकवला. सिअ‍ॅटलला तो एका चिनी उपाहारगृहात राहून वाढप्याचे काम करी आणि शिक्षण घेई. १९६१ मध्ये त्याने वॉशिंग्टन विद्यापीठात प्रवेश घेतला. युद्धकलेचे वर्ग सुरू केले आणि त्याच वर्गात आलेल्या लिंडा एमरी या अमेरिकी तरुणीशी १७ ऑगस्ट १९६४ रोजी विवाह केला. चित्रपट त्याने मागे टाकले होते. अमेरिकाभर आपल्या शाळा काढाव्यात, एवढेच स्वप्न होते.

त्याच ऑगस्टमध्ये लाँग बीचच्या कराटे स्पर्धेत त्याने प्रात्यक्षिके दाखवली. ती पाहणाऱ्यांत हॉलिवूडच्या ताऱ्यांचा केशरचनाकार जे सेब्रिंग होता. दूरचित्रवाणी निर्माते विल्यम डोझिअर यांच्याकडे त्याने या तरुणाचे नाव काढले आणि ती चाचणी झाली.

टोपी, काळी पट्टी आणि मोजके संवाद

डोझिअर यांच्या मनात होती चार्ली चॅन या चिनी गुप्तहेराच्या मुलाची मालिका. चित्रपटांतून चार्ली चॅन गाजला होता, पण तो रंगवला होता वॉर्नर ओलंड आणि सिडनी टोलर या गौरवर्णी नटांनी. डोळ्यांना रंगभूषा करून गोऱ्या नटाने चिनी माणूस व्हायचे, ही तेव्हाची रीत. खऱ्या चिनी नटाच्या वाट्याला स्वयंपाकी, धोबी किंवा खलनायक येई. म्हणून या मालिकेचे मोल ब्रूसला फार होते. तिच्यासाठी त्याला राखून ठेवण्यात आले. परंतु मालिका कधी निघालीच नाही. चाचणीनंतर चारच दिवसांनी हाँगकाँगमध्ये त्याच्या वडिलांचे निधन झाले होते. आनंद आणि शोक एकाच आठवड्यात घरात आले होते.

डोझिअर यांची 'बॅटमॅन' मालिका गाजल्यावर त्यांनी 'द ग्रीन हॉर्नेट' हाती घेतली. दिवसा वृत्तपत्राचा प्रकाशक आणि रात्री मुखवटा घालून गुन्हेगारांचा पाठलाग करणारा ब्रिट रीड हा तिचा नायक. ती भूमिका व्हॅन विल्यम्सला मिळाली. ब्रूसच्या वाट्याला आला केटो: नायकाचा नोकर, मोटारचालक आणि साथीदार. डोक्यावर चालकाची टोपी, डोळ्यांवर काळी पट्टी. पगार आठवड्याला ४०० डॉलर, नायकाच्या मानाने फारच कमी. मालिका ९ सप्टेंबर १९६६ रोजी एबीसी वाहिनीवर सुरू झाली.

पहिल्याच दिवसांत एक अडचण उभी राहिली. ब्रूसचे हात-पाय इतक्या वेगाने चालत, की कॅमेऱ्यात नुसती धूसर रेघ उमटे. त्याला वेग कमी करायला सांगावे लागले. अमेरिकी पडद्यावरची मारामारी तोवर लांबून हात फिरवत ठोसा मारण्याची होती. लाथेचा असा नेमका, नृत्यासारखा वापर घराघरांत प्रथमच दिसत होता. मुले पत्रे पाठवू लागली आणि त्यांतली पुष्कळशी नायकाऐवजी नोकराला होती.

केटोला संवाद मात्र फार थोडे. ब्रूसने डोझिअर यांना पत्र लिहून आपल्या पात्राला अधिक वाव देण्याची विनंती केली. 'बॅटमॅन' मालिकेत हे दोन्ही संच एकत्र आणण्यात आले तेव्हा केटो बॅटमॅनच्या साथीदाराकडून, रॉबिनकडून हरणार असे ठरले होते आणि ब्रूसने त्याला साफ नकार दिला, असे सांगितले जाते. मार्च १९६७ मध्ये प्रक्षेपित झालेल्या भागात ती लढत बरोबरीत सुटलेली दिसते. नोकराची भूमिका त्याने स्वीकारली होती. खोटा पराभव त्याला मान्य नव्हता.

२६ भागांनंतर, १७ मार्च १९६७ रोजी, मालिका बंद पडली.

कामाविना वर्षे

त्यानंतरची चार वर्षे पाहुण्या भूमिकांची होती. १९६७ मध्ये 'आयर्नसाइड', १९६९ मध्ये 'ब्लाँडी' आणि 'हिअर कम द ब्राइड्स' या मालिकांच्या एकेका भागात तो दिसला. या तिसऱ्या मालिकेत त्याला एकही लाथ मारायची नव्हती. केवळ अभिनयाचीच भूमिका होती. 'मार्लो' या चित्रपटात तो काही मिनिटांपुरता आला आणि कार्यालयाची मोडतोड करून गेला. उरलेला वेळ शिकवण्यात जाई. स्टीव्ह मॅक्वीन, जेम्स कोबर्न हे नट, पटकथाकार स्टर्लिंग सिलिफंट, बास्केटबॉलपटू करीम अब्दुल-जब्बार हे त्याचे शिष्य. तासाला पावणेतीनशे डॉलरपर्यंत शुल्क देणारे लोक त्याच्याकडे येत. हे तारे त्याच्याकडून लढायला शिकत आणि पडद्यावर नायक होत. गुरूला मात्र काम नव्हते. याच काळात त्याने 'जीत कुन दो' या नावाने स्वतःची युद्धपद्धती मांडली. कोणत्याही एका घराण्याच्या चौकटीत अडकू नये, उपयोगी ते घ्यावे, हे तिचे सूत्र.

१९७० मध्ये व्यायाम करताना त्याच्या पाठीला गंभीर इजा झाली. पुन्हा लाथ मारता येणार नाही, असे डॉक्टरांनी सांगितले. महिनोन् महिने तो अंथरुणाला खिळून होता. घरात दोन लहान मुले, घराच्या कर्जाचे हप्ते आणि उत्पन्न थांबलेले. लिंडाने संध्याकाळची नोकरी धरली. ब्रूस पडल्या पडल्या वाचत राहिला, वह्या भरत राहिला. पाठीचे दुखणे जन्मभर राहिले, पण तो उठला.

त्याच्या आशा तेव्हा 'द सायलेंट फ्लूट' या चित्रपटावर होत्या. सिलिफंट आणि कोबर्न यांच्यासह त्याने त्याची कल्पना रचली होती. वॉर्नर ब्रदर्सने रस दाखवला, पण अट घातली की चित्रण भारतात व्हावे. परकीय चलनाच्या नियमांमुळे कंपनीची भारतातील कमाई रुपयांतच अडकून पडली होती. ती इथेच खर्च करणे सोयीचे होते. १९७१ च्या आरंभी तिघे स्थळे पाहण्यासाठी भारतात आले. मुंबई, दिल्ली, वायव्येकडील वाळवंटी प्रदेश, मद्रास आणि गोवा असा त्यांचा प्रवास झाला. कोबर्नला भारतात लोक ओळखत होते, त्याचे आदरातिथ्य ताऱ्याला साजेसे होई. बरोबरचा चिनी गृहस्थ कोण, हे कोणाला ठाऊक नव्हते. ब्रूसला ते लागले. कोबर्नला स्थळे पसंत पडली नाहीत, तो बाजूला झाला आणि चित्रपट तिथेच संपला. त्यानंतर अवघ्या काही वर्षांत त्याच भारतात ब्रूस लीच्या चित्रपटासाठी रांगा लागणार होत्या.

'केटो'चा देश

दरम्यान १९७० मध्ये मुलाला घेऊन हाँगकाँगला गेलेल्या ब्रूसला एक आश्चर्याचा धक्का बसला होता. रस्त्यात लोक त्याला ओळखत होते. 'द ग्रीन हॉर्नेट' तिथे दाखवली गेली होती आणि लोकांच्या लेखी ती केटोची मालिका होती. अमेरिकेत जो नोकर होता, तो हाँगकाँगमध्ये नायक झाला होता. तेथील दूरचित्रवाणीने त्याला बोलावले, प्रात्यक्षिके झाली. बलाढ्य शॉ ब्रदर्सने देऊ केलेला करार त्याला क्षुल्लक वाटला. त्या संस्थेतून बाहेर पडून 'गोल्डन हार्वेस्ट' काढणाऱ्या रेमंड चाऊ यांनी दोन चित्रपटांसाठी मिळून १५ हजार डॉलर देऊ केले. भारतातून रिकाम्या हाताने परतलेल्या ब्रूसने हा प्रस्ताव स्वीकारला.

निघण्यापूर्वी त्याने एक काम पूर्ण केले. सिलिफंटने 'लाँगस्ट्रीट' या नव्या मालिकेत त्याच्यासाठी खास भूमिका लिहिली होती. जेम्स फ्रान्सिस्कस हा त्यात अंध झालेला विमा-तपासनीस, आणि ब्रूस त्याला आत्मसंरक्षण शिकवणारा ली त्सुंग. या गुरूच्या तोंडी ब्रूसचेच विचार घातले होते. १६ सप्टेंबर १९७१ रोजी हा भाग दाखवला गेला. टोपी नाही, काळी पट्टी नाही, पूर्ण वाक्ये बोलणारा चिनी माणूस अमेरिकी घरांत प्रथमच असा शिरला. पाहुणा नटच समीक्षकांच्या नजरेत भरला. त्याच मालिकेत तो आणखी तीन भागांत दिसला.

तो भाग प्रक्षेपित होण्यापूर्वीच ब्रूस थायलंडमधील पाक चाँग या गावी पोहोचला होता. उकाडा, झुरळे, धड न मिळणारे जेवण. वजन झपाट्याने उतरले, पाय मुरगळला. तुटपुंज्या पैशांत लो वेई यांच्या दिग्दर्शनाखाली 'द बिग बॉस' तयार झाला. ऑक्टोबर १९७१ मध्ये तो हाँगकाँगमध्ये प्रदर्शित झाला आणि तोवरचे उत्पन्नाचे सर्व विक्रम मोडीत निघाले. वयाच्या एकतिसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर ब्रूस ली एका रात्रीत तारा झाला.

नाकारलेला नायक

त्याच सुमारास वॉर्नर ब्रदर्स 'कुंग फू' या दूरचित्रवाणी मालिकेची तयारी करत होते. अमेरिकेच्या पश्चिम भागात भटकणारा, चिनी मठात वाढलेला वीर हा तिचा नायक. ब्रूसनेही याच धर्तीची, एकोणिसाव्या शतकातील अमेरिकेत येणाऱ्या चिनी योद्ध्याची 'द वॉरिअर' नावाची कल्पना मांडली होती. 'कुंग फू' त्याच्याच कल्पनेवरून घेतली, हा समज पुष्कळ काळ चालत आला. तिची संहिता एड स्पीलमन यांनी ब्रूसच्या आधीच लिहिलेली होती, हेही तितकेच खरे. वाद राहतो तो भूमिकेचा. ब्रूसचा विचार झाला, पण त्याचे उच्चार अमेरिकी प्रेक्षकाला कळणार नाहीत, चिनी चेहरा दर आठवड्याला चालणार नाही, अशी शंका होती. भूमिका डेव्हिड कॅरडाइन या गौरवर्णी नटाला मिळाली, ज्याला कुंग फूचा गंधही नव्हता. मालिका १९७५ पर्यंत चालली.

९ डिसेंबर १९७१ रोजी कॅनडाचे पत्रकार पिएर बर्टन यांनी हाँगकाँगमध्ये ब्रूसची दूरचित्रवाणीसाठी मुलाखत घेतली. मालिकेत आपल्याला घेतले जाण्याची शक्यता नाही, हे तोवर त्याला उमगले होते. त्याने त्यावर कडवटपणा दाखवला नाही. पैसा गुंतवणाऱ्याला परदेशी चेहऱ्याची धास्ती वाटणे आपण समजू शकतो, असा त्याचा सूर होता. आपण स्वतःला चिनी समजता की अमेरिकी, या प्रश्नावर त्याने माणूस असण्याकडे बोट दाखवले. मुलाखतीची ही फीत अनेक वर्षे हरवल्यासारखीच होती. १९९४ मध्ये ती पुन्हा प्रकाशात आली. आज त्याचा स्वभाव समजून घेण्यासाठी तिच्याइतके बोलके साधन दुसरे नाही.

नकाराला उत्तर कामातून आले. मार्च १९७२ मध्ये आलेल्या 'फिस्ट ऑफ फ्युरी'ने आधीचा विक्रम मोडला. मग चाऊ यांच्या भागीदारीत स्वतःची संस्था काढून ब्रूसने 'वे ऑफ द ड्रॅगन' स्वतः लिहिला, दिग्दर्शित केला आणि त्यासाठी चमूसह रोम गाठले. कोलोसियममधील चक नॉरिसबरोबरची लढत आजही अभ्यासली जाते. तिचा बराचसा भाग मात्र हाँगकाँगमध्ये सेट उभारून चित्रित झाला होता. जून १९७२ मध्ये अतिवृष्टीने दरडी कोसळून हाँगकाँगमध्ये मोठी जीवितहानी झाली तेव्हा आपद्ग्रस्तांसाठी दूरचित्रवाणीवर झालेल्या निधिसंकलनाच्या कार्यक्रमात तो लहानग्या ब्रँडनला घेऊन उतरला. छोटा पडदा त्याने सोडला नव्हता.

अखेर हॉलिवूड त्याच्या दारी आले. ज्या वॉर्नर ब्रदर्सने त्याला मालिकेत नाकारले, त्यांनीच 'एंटर द ड्रॅगन'चा नायक म्हणून त्याला करारबद्ध केले. १९७३ च्या आरंभी हाँगकाँगमध्ये चित्रण झाले. शरीर मात्र थकले होते. १० मे रोजी ध्वनिमुद्रण चालू असताना तो कोसळला. मेंदूला सूज आल्याचे निदान झाले. २० जुलै १९७३ रोजी बेटी टिंग पेई या अभिनेत्रीच्या घरी डोके दुखू लागल्याने त्याने एक वेदनाशामक गोळी घेतली आणि तो झोपला, तो उठलाच नाही. वय होते अवघे ३२. चौकशीअंती हा अपघाती मृत्यू ठरवण्यात आला. गोळीतील घटकांची तीव्र प्रतिक्रिया हे कारण पुढे आले. उष्माघातापासून शरीरातील क्षार कमी होण्यापर्यंत अनेक तर्क पुढील काळात मांडले गेले. हाँगकाँगमध्ये हजारोंनी अंत्यदर्शन घेतले आणि सिअ‍ॅटलच्या लेक व्ह्यू दफनभूमीत त्याला मूठमाती देण्यात आली. शवपेटीला खांदा देणाऱ्यांत मॅक्वीन आणि कोबर्न होते.

महिन्याभराने, ऑगस्टमध्ये, 'एंटर द ड्रॅगन' अमेरिकेत झळकला. आपल्या सर्वांत मोठ्या यशाचा एकही खेळ त्याने पाहिला नाही. भारतातही सत्तरच्या दशकात या चित्रपटाने तुफान गर्दी खेचली आणि शहरोशहरी कराटेचे वर्ग भरू लागले.

उशिरा फिटलेले ऋण

त्याच्या पश्चात छोट्या पडद्याचे हिशेब विचित्र रीतीने जुळत गेले. १९७४ मध्ये 'द ग्रीन हॉर्नेट'चे जुने भाग जोडून चित्रपट म्हणून दाखवण्यात आले. जाहिरातीत सगळा भर ब्रूस लीच्या नावावर होता. १९७८ मध्ये 'द सायलेंट फ्लूट'ची कथा 'सर्कल ऑफ आयर्न' या नावाने पडद्यावर आली. भारताऐवजी चित्रण झाले इस्रायलमध्ये आणि ब्रूसने स्वतःसाठी योजलेल्या भूमिका केल्या त्याच डेव्हिड कॅरडाइनने. ३१ मार्च १९९३ रोजी मुलगा ब्रँडन 'द क्रो'च्या चित्रणादरम्यान बंदुकीच्या अपघातात दगावला. वडिलांशेजारीच त्याची समाधी आहे.

नोव्हेंबर २००५ मध्ये, ब्रूसच्या पासष्टाव्या जयंतीच्या सुमारास, त्याचे दोन पुतळे उभे राहिले. एक हाँगकाँगमध्ये. दुसरा बोस्नियातील मोस्तार या शहरात, जिथे तो कधी गेलाही नव्हता. यादवीने दुभंगलेल्या त्या शहरातील सर्व समाजांना चालेल असे कोणाचे नाव, याचा शोध घेताना तेथील तरुणांना हा चिनी-अमेरिकी नट सापडला.

आणि एप्रिल २०१९ मध्ये अमेरिकेत 'वॉरिअर' ही मालिका सुरू झाली. ब्रूसने लिहून ठेवलेल्या टिपणांवरून मुलगी शॅनन हिने दिग्दर्शक जस्टिन लिन यांच्या साथीने ती उभी केली. एकोणिसाव्या शतकातील सॅन फ्रान्सिस्को, चायनाटाऊनच्या गल्ल्या, आणि मध्यभागी आशियाई वंशाचा नट अँड्र्यू कोजी. २०२३ पर्यंत तिचे तीन हंगाम झाले. दर आठवड्याला चालणार नाही असे ज्या चेहऱ्याबद्दल म्हटले गेले होते, तसाच चेहरा तिथे भाग संपेपर्यंत पडद्यावर होता आणि त्यावर काळी पट्टी नव्हती. ज्या शहरात ब्रूसचा जन्म झाला, त्याच शहराची ही गोष्ट सांगायला दूरचित्रवाणीला जवळजवळ पन्नास वर्षे लागली.